तुमचं बरंय!

आमचे साडूभाऊ लग्नाच्या पंगतीत बसले की आधी ताटातली वाटी उलटी करून बघतात. आमटी वाढणारा वाढपी तिष्ठत उभा. हे वाटीच्या कडेवरून अंगठा फिरवतात, ती उजेडात धरतात आणि शेजारी बसलेल्या मला विचारतात, "काय पडलं असेल हो हिला?" मी म्हणतो, वाटी मंगल कार्यालयाची आहे, खाली ठेवा. "तसं नव्हे. एका नगाला लेबर चार्ज काय पडला असेल?" मला ठाऊक नसतं. त्यांनाही ठाऊक नसतं, कारण त्यांचा धंदा वाट्यांचा नाही, गाड्यांना लागणाऱ्या बुशांचा आहे. पण तोवर हिशेब सुरू झालेला असतो. पत्रा, प्रेस, पॉलिश, पॅकिंग, टेम्पोभाडं. मठ्ठा येईपर्यंत साडूभाऊंनी मनातल्या मनात वाटीचा कारखाना काढून, चालवून, उधारी बुडाल्यामुळे बंदही केलेला असतो. मग भाताचं आळं करत ते म्हणतात, "तुमचं बरंय. एक तारखेला पगार."

मी सरकारी कचेरीत आहे. या वाक्यावर मी आता काही बोलत नाही. सुरुवातीला बोलायचो. सरकारी नोकरीतही ताप असतात, बदल्या असतात, निवडणुकीच्या ड्यूट्या असतात, असं सांगायचो. साडूभाऊ ते ऐकून घ्यायचे आणि एवढंच म्हणायचे, "तुम्ही पगार घेणारे. आम्ही पगार देणारे." पुढे बोलण्यासारखं काही उरतच नाही.

बाहेरगावच्या माणसाला नाशिक म्हटलं की रामकुंड, द्राक्षं आणि मिसळ एवढंच आठवतं. पण आमच्या गावात आणखी एक पीक निघतं, ते म्हणजे स्वतःची कंपनी काढलेला माणूस. १९६४ साली ओझरला मिग विमानांचा कारखाना आला. सातपूरला औद्योगिक वसाहत वसली, मायको आली, महिंद्र आली, मग अंबड, मग सिन्नर. या मोठ्या कारखान्यांच्या टूलरूममध्ये आणि क्वालिटीत घडलेला एखादा माणूस दहा-पंधरा वर्षं निमूट नोकरी करतो. कंपनीची बस त्याच्या कोपऱ्यावर थांबते, दिवाळीला बोनस येतो, कँटीनमध्ये नावापुरत्या पैशात जेवण मिळतं. आणि असं सगळं बरं चाललेलं असताना एके दिवशी तो राजीनामा देतो, अंबडला भाड्याचा गाळा घेतो आणि घरी येऊन सांगतो. याच क्रमाने. घरी आधी सांगितलं असतं तर गाळा झालाच नसता, हे त्याला पक्कं माहीत असतं.

साडूभाऊंनी नोकरी का सोडली याची निरनिराळ्या लोकांसाठी निरनिराळी कारणं आहेत. बँकेला त्यांनी सांगितलं, बाजारपेठेचा अभ्यास केला. सासऱ्यांना सांगितलं, वरच्या साहेबाशी पटेना. शेजाऱ्यांना सांगितलं, मराठी माणसाने कधीतरी पुढे यायलाच हवं. मला एकदा सोमेश्वरच्या धबधब्यापाशी कणीस खाता खाता त्यांनी खरं कारण सांगितलं. "कंटाळा आला हो. बारा वर्षं दुसऱ्याने केलेला बुश मोजत होतो. म्हटलं, एकदा आपण करून बघू." एवढंच. एवढ्यासाठी माणसाने भविष्यनिर्वाह निधी काढावा, विम्याच्या पॉलिसी तारण ठेवाव्या आणि ताईच्या पाटल्यांकडे बघू लागावं?

ताई म्हणजे माझ्या बायकोची थोरली बहीण. तिच्याबद्दल पुढे येईलच.

कंपनीचं नाव ठरायला यंत्र यायला लागला त्याहून जास्त वेळ लागला. शेवटी कुलदेवता, मुलीचं पाळण्यातलं नाव आणि 'टेक' हा शब्द यांचा संधी करून एक नाव सिद्ध झालं, जे अजून एकाही टेम्पोवाल्याला नीट उच्चारता येत नाही. त्यापुढे 'इंडस्ट्रीज' असं अनेकवचन. तेव्हा यंत्र एकच होतं, तेही जुनं, दुसऱ्याकडून घेतलेलं. व्हिजिटिंग कार्डावर आधी 'मॅनेजिंग डायरेक्टर' होतं. सीएने समजावलं की प्रोप्रायटरला तसं लिहिता येत नाही. मग नवी कार्डं आली. जुनी कार्डं ताईने फुकट घालवली नाहीत. त्यांच्या मागच्या कोऱ्या बाजूवर ती अजून वाणसामानाची यादी लिहिते. आमच्या कोपऱ्यावरच्या किराणावाल्याला बरीच वर्षं मॅनेजिंग डायरेक्टरांच्या कार्डावर तूरडाळ देण्याची सवय आहे.

अशा माणसाला एक दैवत लागतं. साडूभाऊंचं दैवत गावचंच आहे. त्र्यंबकेश्वरला १८७० साली जन्मलेले दादासाहेब फाळके. पांडवलेणीच्या पायथ्याचं फाळके स्मारक त्यांच्या कारखान्याच्या वाटेजवळच आहे, त्यामुळे दैवताची रोज आठवण होते. बाकीचे लोक फाळक्यांना सिनेमाचे जनक म्हणतात. साडूभाऊंच्या मते सिनेमा हा दुय्यम भाग. मुळात फाळके म्हणजे स्वतःची कंपनी काढलेला माणूस. छापखान्यात भागीदारांशी बिनसलं म्हणून बाहेर पडले. १९१२ साली लंडनला जाऊन यंत्रसामग्री आणायची तर पैसे नाहीत, विम्याच्या पॉलिसी गहाण टाकल्या. परत आल्यावर कुणी भांडवल देईना, तेव्हा कॅमेऱ्यासमोर एक वाटाण्याचं रोप ठेवून त्याची वाढ थोडी थोडी चित्रित केली आणि ती फिल्म सावकारांना दाखवली. इथे साडूभाऊ हमखास थांबतात. "बघा, प्रोजेक्ट रिपोर्ट! त्यांनी रोप दाखवलं, मी बँकेला पाच वर्षांचं प्रोजेक्शन दाखवलं. त्यांचं रोप निदान खरं होतं." १९१३च्या मे महिन्यात गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला, मग फाळके बिऱ्हाड घेऊन नाशिकला आले, पुढे हिंदुस्थान सिनेमा फिल्म कंपनी निघाली, तिथेही भागीदारांशी वाजलं, सगळं सोडून काशीला गेले आणि पुन्हा परत आले. १९४४ साली नाशिकलाच गेले, हातात फारसं काही न उरता. हा शेवटचा भाग साडूभाऊ भरभर उरकतात.

एकदा हे पुराण चालू असताना ताई आतून पोहे घेऊन आली. "सरस्वतीबाईंचे दागिने गेले त्याचं पण सांगा की," ती म्हणाली. "सगळ्या माणसांचा स्वयंपाक करायच्या, रात्री फिल्मला भोकं पाडायच्या. पुरस्कार मात्र नुसता दादासाहेबांच्या नावाचा." साडूभाऊंनी पोह्यांवर लिंबू पिळलं आणि विषय किर्लोस्करांवर नेला. १९१० साली लक्ष्मणरावांना औंधच्या राजेसाहेबांनी कुंडलचं माळरान दिलं, त्याची किर्लोस्करवाडी झाली. "आम्हाला एमआयडीसीचा प्लॉट मिळेना, आणि म्हणे मराठी माणूस मागे का!"

ताईला बोलायचा अधिकार आहे. पहिली काही वर्षं बुशांचं पॅकिंग तिच्या स्वयंपाकघरात व्हायचं. गंज चढू नये म्हणून प्रत्येक नग तेलात बुडवायचा, जुन्या धोतराच्या फडक्याने टिपायचा, मोजून पिशवीत भरायचा. तिच्या हाताला त्या तेलाचा वास इतका मुरला होता की एका संक्रांतीला हळदीकुंकवाच्या वाणात तिळगुळालाही तो आला, आणि बायकांनी घरी जाऊन चर्चा केली. बी. ए. मराठी झालेली ही बाई आजही हातात बुश घेऊन, डोळे बारीक करून, "हा दोन शतांश मोठा आहे" असं म्हणते, आणि मायक्रोमीटर लावला की तो तेवढाच मोठा निघतो.

भागीदार साडूभाऊंनाही होता. कंपनीतला जिवलग मित्र. दोघांनी एकाच दिवशी राजीनामे दिले, एकाच गाळ्यात दोन टेबलं टाकली आणि दीड वर्षात बोलणं बंद केलं. कारण कुणी सांगत नव्हतं. लोक म्हणत, पैशांवरून झालं असेल. नाही. मिसळीवरून झालं. गिऱ्हाइकाचा माणूस आला की भागीदार त्याला मिसळ खायला न्यायचा आणि बिल कंपनीच्या खात्यावर टाकायचा. त्याला साडूभाऊंची हरकत नव्हती. पण त्या बिलात दरवेळी जिलेबी आणि दोन जादा पापड दिसायचे. साडूभाऊंचं म्हणणं, मिसळ हा धंद्याचा खर्च, जिलेबी वैयक्तिक. यावर सीएचं मतदेखील मागवण्यात आलं होतं. शेवटी एकाने यंत्र घेतलं, दुसऱ्याने ग्राहक, आणि भागीदाराने मागच्याच गल्लीत गाळा घेतला. आज दोघं सणासमारंभात एकमेकांच्या खांद्यावरून पलीकडे बघतात. मात्र ऐन शेड्यूलच्या वेळी साडूभाऊंच्या यंत्राचं स्पिंडल बेअरिंग गेलं, तेव्हा त्यांचा माल दोन रात्री कुणाच्या यंत्रावर चालला होता, हे आख्ख्या अंबडला माहीत आहे. त्या कामाचं बिल मागच्या गल्लीतून आलं. पाठोपाठ साडूभाऊंच्या खर्चाने तिकडे जिलेबी गेली. नोंद अर्थात 'वैयक्तिक' खात्यावर.

आता ज्या स्वातंत्र्यासाठी हे सगळं केलं त्याविषयी. नोकरीत साडूभाऊंना साहेब एक होता. आता मोजावे लागतात. मोठ्या कंपनीतला खरेदी अधिकारी, त्याच्या वरचा, क्वालिटीचा, बँकेचा मॅनेजर, सीए, वीज मंडळाचा वायरमन, आणि या सगळ्यांहून वरचा म्हणजे रात्रपाळीचा ऑपरेटर, जो फोन उचलत नाही. खरेदी अधिकारी सव्वीस वर्षांचा पोरगा आहे. त्याचा फोन आला की साडूभाऊ उभे राहतात. घरी सोफ्यावर असले तरी उभे राहतात, जेवताना असले तर डावा हात पाठीमागे नेऊन उभे राहतात. "हो सर. हो सर. गाडी निघाली सर." या 'गाडी निघाली'चा अर्थ मी अनुभवाने शिकलो आहे. माल अजून सळईच्याच रूपात आहे, तो उद्या कापायचा आहे. 'गाडी सिन्नर टोलला आहे' म्हणजे माल यंत्रावर चढला. 'ड्रायव्हरचा फोन लागत नाही' म्हणजे पॅकिंग चालू आहे. आणि ज्या दिवशी गाडी खरोखर निघते त्या दिवशी ते कुणालाच फोन करत नाहीत, कारण गाडी ते स्वतःच चालवत असतात.

अशा एका गाडीत मी बसलेलो आहे. पुण्याला बायकोच्या मामेबहिणीच्या मुलीचं लग्न होतं, मुहूर्त अकरा अठ्ठावन्नचा. साडूभाऊ म्हणाले, आपण चौघं एकाच गाडीने जाऊ, पेट्रोल कशाला जाळता. एवढा व्यवहारी माणूस पेट्रोलची काळजी करतो म्हणजे काहीतरी आहे, हे मला तेव्हाच कळायला हवं होतं असं बायको म्हणते. आमच्या बॅगा मांडीवर घ्यायला सांगितल्या. डिकी उघडायची नाही. गाडी मागून इतकी दबलेली की चंदनापुरी घाटात समोरच्या रस्त्याऐवजी आम्हाला आभाळच जास्त दिसत होतं. नारायणगाव गेल्यावर साडूभाऊंनी घसा खाकरला. "वाटेत चाकणला फक्त पाच मिनिटं थांबायचंय." ताईने न बोलता पर्समधून चिवड्याचा पुडा काढला. तो तिने नाशिकहूनच घेतला होता. तिला पाच मिनिटांची लांबी माहीत होती.

कंपनीच्या गेटवर सुरक्षारक्षकाने साडूभाऊंकडे पाहिलं. रेशमी झब्बा, कपाळाला गंध, पायात कोल्हापुरी. "सेफ्टी शूज नाहीत. आत जाता येणार नाही." साडूभाऊंनी चलन दाखवलं, ई-वे बिल दाखवलं, आपलं वय दाखवलं. रक्षक ढळेना. मग त्यांची नजर माझ्या पायांकडे गेली. मी बूट घातले होते, पण तेही सेफ्टीचे नव्हते. अखेर एका ट्रकच्या क्लीनरकडून त्यांनी बूट मागून घेतले. दोन नंबरांनी मोठे. रेशमी झब्बा आणि ते बूट अशा थाटात साडूभाऊ ट्रॉली ढकलत आत गेले. आम्ही बाहेर. साडेअकरा झाले, बारा झाले, चिवडा संपला. बायको म्हणाली, "आता अक्षता पडल्या असतील." ताई म्हणाली, "आता मोजणी चालू असेल. मग एक पेटी कमी भरेल. मग पुन्हा मोजतील." तसंच झालं. दीडच्या सुमारास साडूभाऊ बाहेर आले, तेव्हा त्यांचा चेहरा पोरगी बोर्डात आलेल्या बापासारखा झाला होता. "लाइन थांबली नाही!" असेंब्ली लाइन थांबली असती तर दर मिनिटाप्रमाणे डेबिट नोट आली असती, असं त्यांनी पुढचे दहा किलोमीटर समजावून सांगितलं. लग्न चुकलं याची खंत त्यांना नव्हती असं नाही. तिसऱ्या पंगतीला बसल्यावर त्यांनी वधूपित्याचा हात हातात घेऊन क्षमा मागितली. मग वाटी उलटी केली.

एवढं धावून पैसे वेळेवर मिळतात का? इथे मात्र हसू येत नाही. २००६चा सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योगांचा कायदा साडूभाऊंना कलमांसकट पाठ आहे. माल स्वीकारल्यापासून फार तर ४५ दिवसांत पैसे द्यायचे, नाही दिले तर बँक रेटच्या तिप्पट व्याज, तेही दरमहा चक्रवाढीने. २०२३च्या अर्थसंकल्पाने तर आयकरातही खिळा ठोकला. लहान उद्योगाचे पैसे मुदतीत चुकवले नाहीत, तर ते चुकवेपर्यंत मोठ्या कंपनीला तो खर्च नफ्यातून वजा करून मिळत नाही. कायदा इतका चांगला आहे की तो वाचताना त्यांचे डोळे पाणावतात. त्यांनी आजवर कुणालाही नोटीस पाठवलेली नाही. "नोटिशीने पैसे मिळतील हो. पुढचं शेड्यूल कोण देईल?" आणि गंमत अशी की बिल फाडलं की जीएसटी मात्र पुढच्या महिन्याच्या वीस तारखेला भरायचा. पैसे नव्वद दिवसांनी येणार, त्यांच्यावरचा कर आधीच गेलेला. दर महिन्याच्या एकोणीस तारखेला साडूभाऊंच्या घरी फोन करू नये. सात तारखेला तर मुळीच करू नये, कारण त्या दिवशी पगार असतो.

सात तारीख त्यांनी कधी चुकवली नाही. मार्च २०२० मध्ये टाळेबंदी लागली, यंत्रं बंद, गिऱ्हाइकांचे फोन बंद. त्यांनी पोरीच्या लग्नासाठी ठेवलेली एफडी मोडली. घरात वादळ होईल असं आम्हाला वाटलं होतं, पण पोरगी म्हणाली, "मोडा बाबा, नाहीतरी हॉल बंदच आहेत."

त्यांच्याकडे अकरा माणसं आहेत. निम्मी पेठ-सुरगाण्याकडची, निम्मी बिहारची. त्यामुळे साडूभाऊंचं पंचांग निराळं आहे. आभाळ भरून आलं की सगळं नाशिक खूश होतं आणि हे खिडकीत उभं राहून सुस्कारे सोडतात, कारण भाताची आवणी सुरू झाली की पेठची पोरं घरी जाणार. दिवाळी संपली की छठ, तेव्हा बिहारची जाणार. दोन्हीकडची पोरं एकाच वेळी हजर असतात असा काळ वर्षातून फार थोडा, आणि नेमकी तेव्हा ऑर्डर नसते. औद्योगिक वसाहतीला सुट्टी शनिवारी, जगाला रविवारी. शनिवारी यंत्रांची दुरुस्ती म्हणून हे कारखान्यात, रविवारी कारखाना चालू म्हणून हे कारखान्यात. पोरांची लग्नं, आधार कार्डं, दवाखाने, उचल, सासुरवाडीची भांडणं, सगळं केबिनमध्ये येतं. पोरं त्यांना 'शेठ' म्हणतात. पहिल्यांदा हाक आली तेव्हा साडूभाऊंनी मागे वळून पाहिलं होतं, कोण शेठ आलाय म्हणून.

या पोरांपैकी एकजण, त्यांनीच झाडलोटीपासून हाताशी धरून सीएनसीवर बसवलेला, एका संध्याकाळी केबिनमध्ये आला आणि म्हणाला, "शेठ, मला स्वतःचं काहीतरी करायचंय." त्या रात्री साडूभाऊ आमच्याकडे जेवायला होते. जेवले नाहीत. कृतघ्नपणा, विश्वासघात, आजकालची पिढी असं बरंच झालं. माझी बायको हळूच म्हणाली, "भाऊजी, तुम्हीसुद्धा असंच..." "ते वेगळं होतं!" पुढच्या आठवड्यात त्यांनी आपला जुना लेथ त्या पोराला हप्त्याने देऊन टाकला आणि पहिलं जॉबवर्कही दिलं. हे मला कळलं तेव्हा मी भारावलो. मग एकदा कारखान्यावर गेलो असताना तोच पोरगा केबिनबाहेरच्या बाकड्यावर हातात बिल घेऊन बसलेला दिसला. आत साडूभाऊ मला म्हणाले, "त्याला सांगा मी मीटिंगमध्ये आहे." काचेतून तो आम्हाला बघत होता, आम्ही त्याला. शेवटी तो आत आला. "शेठ, पंचेचाळीस दिवस झाले." साडूभाऊ खुर्चीतून उठले. "कायदा शिकवतोस मला? आमचेच वर अडकलेत रे!" मग ड्रॉवर उघडला, चेकबुक काढलं, सोमवारची तारीख घालून चेक लिहिला आणि त्याच्यासाठी मिसळ मागवली. पोराने जादा पाव मागितला. साडूभाऊंनी माझ्याकडे पाहिलं.

खंडेनवमीला आम्हा सगळ्यांना कारखान्याचं आमंत्रण असतं. यंत्रं धुतलेली, फरशीवरच्या पिवळ्या पट्ट्या नव्याने रंगवलेल्या, ताईच्या बाल्कनीतल्या कुंड्या गेटपाशी आलेल्या. गिऱ्हाइकाचं ऑडिट असलं तरी त्या कुंड्या अशाच येतात. एका तुळशीचा तर कंपनीच्या 'पर्यावरणविषयक उपक्रमां'मध्ये फोटो आहे. प्रत्येक यंत्रावर बँकेची पाटी आहे: 'हे यंत्र अमुक बँकेकडे तारण आहे.' ती लावणं बंधनकारक असतं. साडूभाऊ झेंडूचा हार असा काही घालतात की नेमकी ती पाटी झाकली जाते. एका वर्षी बँकेचे नवे मॅनेजर प्रसादाला आले, त्यांनी हार वर करून पाटी वाचली, समाधानाने मान डोलावली आणि हार पुन्हा होता तसा ठेवला. साडूभाऊंना तो माणूस फार आवडला. सहा महिन्यांत त्याची बदली झाली.

मिळालं काय, असा प्रश्न मी त्यांना एकदा विचारला. नोकरीत राहिले असते तर आज त्यांच्या बरोबरीचे जिथे आहेत तिथे असते, गंगापूर रोडला तीन बेडरूम, सिंगापूर, मलेशिया. त्यांनी उत्तर दिलं नाही. आम्ही द्वारकेच्या चौकात अडकलो होतो. पुढे एक जीप उभी होती. त्यांनी बोट दाखवलं. "हिच्यात माझे बुश आहेत." मी बघितलं. काही दिसलं नाही. "दिसत नाहीत. आत असतात. पण आहेत." एवढं बोलून ते सिग्नल सुटेपर्यंत त्या जीपच्या बुडाकडे बघत राहिले. गावात वाहनतळावर कुणी पोक्त गृहस्थ रुमाल अंथरून, गुडघे टेकून दुसऱ्याच्या गाडीखाली डोकावताना दिसले तर पोलिसांना बोलावू नका, आमचे साडूभाऊ असतील. एका मॉलमध्ये रखवालदाराने त्यांना हटकलंही होतं. त्यालाही त्यांनी खाली वाकवून दाखवलं. तो म्हणाला, "चांगलं आहे, साहेब." पुढे महिनाभर साडूभाऊ त्या रखवालदाराच्या जाणकारीचं कौतुक करत होते.

तसं ते दरवर्षी सांगतात, "या मार्चला बंद करतो." मार्च अखेर, बँकेचं स्टॉक स्टेटमेंट, सीएचे फोन, वर्षभराची उधारी एका कागदावर समोर आलेली. "पुरे झालं. यंत्रं विकतो, कर्ज फेडतो, त्र्यंबकला छोटंसं घर बांधतो, ब्रह्मगिरीकडे बघत बसतो." ताई आता मानही वर करत नाही. एका मार्चला बंद करतो म्हणाले आणि एप्रिलमध्ये दुसरं सीएनसी आलं. एका मार्चला व्हीएमसी.

या मार्चला जरा जास्तच ठामपणे म्हणाले. पहाटे फोन करून म्हणाले. मग म्हणाले, "आज शनिवार, तुम्हालाही सुट्टी. येता का सिन्नरला? सहज." माळेगावच्या औद्योगिक वसाहतीत, एका उघड्या माळावर त्यांनी गाडी थांबवली. डिकीतून, बुश बाजूला सारून, मोजणीची टेप काढली आणि एक टोक माझ्या हातात दिलं. ते पाठमोरे चालत लांब लांब गेले, मधेच थांबून मातीवर टाचेने रेघ ओढत, कुणाशीतरी भांडावं तसे हातवारे करत. "इथं गेट. इथं ऑफिस. इकडे टूलरूम, उजेड उत्तरेचा पाहिजे." मी ओरडून विचारलं, बंद करताय ना? वाऱ्यात त्यांना ऐकू गेलं नाही, किंवा गेलं.

"टेप ताणून धरा, साडूभाऊ! सैल सोडू नका. फूटभर इकडे तिकडे झालं तर क्रेन बसायची नाही!"